आधारवर एक, दाखल्यावर दुसरे : कागदांच्या घोळात आपले नाव कुठे हरवते?

घरातली कागदपत्रांची पिशवी एकदा उघडून बघा. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर 'शेख सलीम शेख रशीद', आधार कार्डावर 'सलीम रशीद शेख', पॅनवर नुसते 'सलीम शेख', मतदार यादीत 'सलिम रशिद शेक' आणि लाईट बिलावर अजूनही आजोबांचेच नाव, तेही पुढे 'हाजी' लावून. माणूस एकच. मोहल्ल्यात कुणालाही विचारा, घरापर्यंत आणून सोडतील. पण बँकेतल्या, पासपोर्ट कार्यालयातल्या किंवा शिष्यवृत्तीच्या पोर्टलवरच्या संगणकाला ही वेगवेगळी माणसे वाटतात. मग तो माणूस 'मी म्हणजे मीच' हे सिद्ध करायला सेतू केंद्र, तहसील, नगरपालिका आणि शाळा असे हेलपाटे घालत बसतो.

असा घोळ नसलेले घर आपल्या समाजात विरळाच. बरेच जण हा आपल्या नशिबाचा किंवा आपल्या अडाणीपणाचा भाग समजतात. तो तसा नाही. हा घोळ का होतो, त्याचा माणसावर काय परिणाम होतो, कायदा काय सांगतो आणि आपण काय करू शकतो, हे या लेखात समजून घेऊ.

आपली नावे चौकटीत का बसत नाहीत?

सरकारी अर्जात साधारण तीन रकाने असतात : पहिले नाव, वडिलांचे किंवा पतीचे नाव, आडनाव. महाराष्ट्रात ही पद्धत इतकी रुळली आहे की जगात सगळ्यांची नावे अशीच असतात, असे वाटते. पण आपली नावे या साच्यातून आलेलीच नाहीत.

मराठवाड्यातली पद्धत घ्या. 'शेख सलीम शेख रशीद' यात शेख पुढे येतो, आधी मुलाच्या आणि मग बापाच्या. अर्ज भरणारा ऑपरेटर डावीकडून शब्द उचलतो आणि पहिले नाव 'शेख', मधले 'सलीम', आडनाव 'रशीद' अशी नोंद होते. पुढच्या कार्यालयात दुसरा ऑपरेटर शेख उचलून शेवटी टाकतो. दोघांनीही आपापल्या परीने बरोबरच केलेले असते, आणि तिथून एका माणसाची दोन माणसे होतात. कोकणात परकार, मुकादम, खोत, चौगुले अशी आडनावे असल्याने तिथे हा गोंधळ जरा कमी. पश्चिम महाराष्ट्रात तांबोळी, बागवान, मुजावर, आतार, मुलाणी ही धंद्यावरून किंवा मानावरून आलेली नावे. त्यात एक भाऊ 'तांबोळी' लावतो, दुसरा 'शेख'. सख्खे भाऊ कागदावर परके होतात आणि वारस नोंदीच्या वेळी हे बाहेर येते.

मुलांच्या नावाआधी बरकतीसाठी 'मोहम्मद' लावण्याची पद्धत घरोघरी आहे. मुलाला हाक मात्र दुसऱ्या नावाने मारतात. अर्जात पहिले नाव म्हणून 'मोहम्मद' गेले की तिन्ही भावांचे पहिले नाव एकच होते. कुणी ते पूर्ण लिहितो, कुणी इंग्रजीत दोन अक्षरांत, कुणी चार अक्षरांत. दोन अक्षरांतले ते रूप संगणकाला एखाद्या माणसाची आद्याक्षरे वाटतात.

'अब्दुल'चे तर याहून अवघड. 'अब्द' म्हणजे बंदा. त्यापुढे अल्लाहच्या नावांपैकी एक नाव येते, तेव्हा कुठे ते नाव पूर्ण होते. अब्दुर रहमान म्हणजे रहमानचा बंदा. रकान्यांनी हे नाव मधूनच तोडले. पहिले नाव 'अब्दुल', आडनाव 'रहमान'. मग कार्यालयात पुकारा होतो, "रहमान कोण आहे?" घरातल्या बुजुर्गांना हे ऐकून कसेसे होते, कारण त्यांच्या लेखी ते नाव त्यांचे नाहीच, ते त्याचे आहे ज्याचे ते बंदे आहेत. संगणकाला यातले काही कळायचे कारण नाही. पण ज्याचे नाव तुटले त्याला कळते.

चार लिप्या, एक नाव

दुसरे कारण लिपीचे आहे. आजोबांचा निकाहनामा उर्दूत, जमिनीचे जुने कागद मोडीत, शाळेचे जनरल रजिस्टर मराठीत आणि पॅन, पासपोर्ट इंग्रजीत. एकेक नाव चार लिप्यांतून प्रवास करत आलेले. उर्दूत झुबेर आणि जुबेर असा प्रश्नच येत नाही, तिथे अक्षर ठरलेले आहे. मराठीत गुरुजींनी कानाला जसे ऐकू आले तसे लिहिले. 'कादिर'चा 'कादर' झाला, 'यूसुफ'चा 'इसूब' झाला, 'मुहम्मद'चा 'महंमद' झाला. त्यात वाईट हेतू नव्हता. गावच्या बोलीत ती नावे तशीच होती आणि आजही आहेत.

अडचण संगणक आल्यावर झाली. आधार नोंदणीत इंग्रजी नाव टाकले की मराठी नाव यंत्रच तयार करून देते. समोर बसलेल्याने पडद्यावर नीट बघितले नाही तर 'शेख'चे 'शैख', 'आयशा'चे 'ऐशा' आणि 'इनामदार'चे भलतेच काहीतरी होऊन येते. शेख हे एकच नाव इंग्रजीत पाच-सहा प्रकारे लिहितात आणि त्यातला कुठलाही प्रकार चूक नाही. पण पॅन आणि आधार जोडताना यंत्राला दोन्हीकडचे नाव जुळलेले हवे असते. जिथे माणूस 'चालतंय की' म्हणाला असता, तिथे यंत्र नाकारते.

१ जूनला जन्मलेला महाराष्ट्र

नावाचे जे, तेच जन्मतारखेचे. आपल्या राज्यात एका पिढीच्या असंख्य लोकांचा वाढदिवस १ जूनला येतो, हा विनोद सगळ्यांना माहीत आहे. आई सांगायची, "रमजानच्या आधी झाला, पाऊस लागला होता." शाळा जूनमध्ये सुरू व्हायची आणि पहिलीला वय पूर्ण दिसायला हवे, म्हणून गुरुजींनी १ जून लिहून टाकले. आधारमध्ये ज्यांना फक्त सालच माहीत होते, त्यांची तारीख १ जानेवारी पडली. म्हणजे शाळेत १ जून, आधारवर १ जानेवारी आणि मतदार यादीत नुसतेच वय, तेही अंदाजाने.

मुलांना हे गमतीचे वाटते. पण निवृत्तीवेतन, विमा, अपघाताची भरपाई यांचा हिशेब तारखेवर चालतो. २४ ऑक्टोबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अपघात भरपाईच्याच एका प्रकरणात सांगितले की वय ठरवायला आधार हा पुरावा नव्हे, शाळा सोडल्याच्या दाखल्यावरची तारीख धरावी. आधार हा नागरिकत्वाचा पुरावा नाही, हे तर आधारच्या कायद्यातच लिहिलेले आहे. म्हणजे जो कागद प्रत्येक खिडकीवर सर्वात आधी मागतात, तो तुमचे वयही सिद्ध करत नाही आणि नागरिकत्वही नाही. सामान्य माणसाने यातून काय समजायचे?

बाईचे नाव किती वेळा बदलायचे?

या सगळ्याचा सर्वात जास्त त्रास आपल्या आया-बहिणींना होतो. लहानपणी शाळेत 'रुबिना शेख रशीद', लग्नानंतर 'रुबिना सलीम तांबोळी', रेशन कार्डावर 'रुबिनाबी'. 'बी', 'बानो', 'बेगम', 'खातून' हे आदराचे शब्द कुठे नावाला चिकटतात, कुठे आडनाव म्हणून पडतात, कुठे गळून जातात. ज्या बायका शाळेतच गेल्या नाहीत, त्यांच्या नावाचा पहिला कागद बऱ्याचदा लग्नानंतरचाच, तोही नवऱ्याच्या नावाने. मग वडिलांशी नाते दाखवणारा कागद आणायचा कुठून? वारसाहक्काच्या वेळी हाच प्रश्न उभा राहतो. शरीयतने दिलेला हिस्सा कागद नसल्याने हातून जातो.

पॅन कार्डावर वडिलांचे नाव लागते, तर रेशन कार्डावर आणि मतदार यादीत लग्नानंतर पतीचे. लग्नानंतर नाव बदलले पाहिजे, असे कुठलाही कायदा म्हणत नाही. शरीयतमध्येही लग्न झाले म्हणून मुलीने वडिलांचे नाव सोडावे, अशी अट नाही. तरीही रिवाज म्हणून आपण नाव बदलतो आणि पुढची वीस वर्षे दोन्ही नावे जुळवत बसतो.

नव्या पिढीसाठी आणखी एक गोष्ट आली आहे. १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर राज्य सरकारने आईचे नाव बंधनकारक केले. क्रम असा : मुलाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव. आईला कागदावर जागा मिळाली, हे चांगलेच झाले. पण आईच्याच कागदांवर तीन वेगळी नावे असतील, तर त्यातले कुठले मुलाच्या जन्मदाखल्यावर जाणार, हे बाळंतपणाच्या घाईत कुणी विचारत नाही. नर्स विचारते, सासू सांगते आणि रजिस्टरमध्ये 'बी' लागून नोंद होते.

जातीच्या रकान्यात 'मुसलमान'

मुस्लिम ओबीसी कुटुंबांना आणखी एक दगड लागतो. तांबोळी, बागवान, पिंजारी, आतार अशा जमाती इतर मागासवर्गात येतात. दाखल्यासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो. तो आजोबांच्या शाळेच्या प्रवेश-निर्गम उताऱ्यात किंवा गावच्या कोतवाल बुकातल्या जन्म-मृत्यूच्या नोंदीत मिळण्याची शक्यता असते. तिथे जाऊन बघावे तर जातीच्या रकान्यात लिहिलेले असते, 'मुसलमान'. गुरुजींच्या मते तेवढेच पुरेसे होते. आज तहसील म्हणते, "मुसलमान हा धर्म झाला, जात कुठे आहे?" आजोबा आयुष्यभर पिंजून कापूस करत राहिले, गाव त्यांना पिंजारी म्हणूनच ओळखायचे, पण रजिस्टरमधल्या एका शब्दामुळे नातवाची फी माफ होत नाही.

जिवंत माणसाला मृत ठरवणारा कागद

कागद चुकला की काय होऊ शकते, याचे देशातले सर्वात गाजलेले उदाहरण उत्तर प्रदेशातल्या आजमगढ जिल्ह्यातले आहे. मुबारकपूर हा विणकरांचा कसबा. मालेगाव-भिवंडीतल्या अनेक विणकर घराण्यांचे मूळ पूर्व उत्तर प्रदेशातल्या अशाच कसब्यांत आहे. तिथल्या लाल बिहारी यांना हातमागासाठी कर्ज हवे होते. १९७६ साली ते कागद काढायला गेले तेव्हा कळले की महसुली दफ्तरात आपण मृत आहोत. जमिनीसाठी नातेवाइकांनी अधिकाऱ्यांना हाताशी धरून तशी नोंद करून घेतली होती. ज्या कर्मचाऱ्याला ते वर्षानुवर्षे ओळखत होते, तोच समोर बसून सांगत होता की कागदावर तुम्ही हयात नाही.

पुढची अठरा वर्षे या माणसाने आपण जिवंत आहोत हे सिद्ध करण्यात घालवली. त्यांनी बायकोसाठी विधवा पेन्शनचा अर्ज केला. स्वतःची अंत्ययात्रा काढली. १९८९ मध्ये अमेठीतून राजीव गांधींविरुद्ध निवडणूक लढवली, कारण मृत माणूस उमेदवार होऊ शकत नाही. नावापुढे 'मृतक' लावले आणि आपल्यासारख्या कागदी मृतांचा 'मृतक संघ' काढला. १९९४ मध्ये दफ्तरात त्यांना पुन्हा जिवंत केले गेले. त्यांच्यावरचा 'कागज' हा चित्रपट २०२१ मध्ये आला. लोक हसले. पण एका माणसाची ऐन उमेदीची अठरा वर्षे त्यात गेली.

याची छोटी आवृत्ती आपल्या घरातही दरवर्षी होते. नोव्हेंबर आला की पेन्शनर अब्बांना हयातीचा दाखला द्यावा लागतो. अंगठा यंत्रावर ठेवायचा. आयुष्यभर माग चालवून, विटा उचलून, भांडी घासून बोटांच्या रेषाच पुसल्या गेल्या असतील तर यंत्र म्हणते, जुळत नाही. अब्बा समोर खुर्चीत बसलेले, चहा पीत असलेले, आणि पेन्शन थांबलेली.

मतदार याद्यांच्या बाबतीतही हेच दिसले. २०२५ मध्ये बिहारमध्ये याद्यांचे विशेष सखोल पुनरीक्षण झाले. १ ऑगस्टला आलेल्या प्रारूप यादीतून सुमारे ६५ लाख नावे गळली होती. मृत, स्थलांतरित, दुबार अशी कारणे होती. मृत दाखवलेली काही माणसे प्रत्यक्ष सर्वोच्च न्यायालयात हजर करण्यात आली. १४ ऑगस्टला न्यायालयाने वगळलेली नावे कारणांसह जाहीर करायला सांगितले आणि ८ सप्टेंबरला आधार हा ओळखीचा बारावा कागद म्हणून स्वीकारायला लावला. यादीतले नाव ही आपोआप टिकणारी गोष्ट नाही, हा यातला धडा आहे.

स्पेलिंगवरून नागरिकत्व

आसाममध्ये हा प्रश्न थेट नागरिकत्वापर्यंत गेला. तिथली एनआरसीची अंतिम यादी ३१ ऑगस्ट २०१९ रोजी आली, तेव्हा १९,०६,६५७ लोक बाहेर राहिले. त्यात हिंदूही होते, मुसलमानही होते. देशाचे पाचवे राष्ट्रपती फखरुद्दीन अली अहमद यांच्या पुतण्याचे कुटुंबही त्यात होते. २४ मार्च १९७१ पर्यंतच्या कागदात पूर्वज दाखवायचा आणि त्या पूर्वजाशी आपले नाते दुसऱ्या कागदाने जोडायचे, अशी अट होती. ज्यांची नावे दोन याद्यांत दोन तऱ्हेने लिहिली होती, त्यांची साखळी तिथेच तुटली. बायकांची तर सर्वात आधी, कारण लग्नानंतर गाव, नाव आणि पालकाचे नाव असे सगळेच बदललेले.

मोहम्मद रहीम अली विरुद्ध आसाम राज्य हे प्रकरण प्रत्येक मराठी मुस्लिम घराने माहीत करून घ्यावे असे आहे. नलबारी जिल्ह्यातल्या या माणसाला परदेशी नागरिक न्यायाधिकरणाने परकीय ठरवले. कागदांतल्या नावांच्या स्पेलिंगमध्ये आणि तारखांमध्ये फरक आहे, हे एक मोठे कारण होते. उच्च न्यायालयातही ते हरले. ११ जुलै २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांना भारतीय नागरिक ठरवले. मतदार यादी करणारे लोक ऐकीव उच्चारावरून नावे लिहितात, देशभर असे फरक आढळतात आणि एवढ्यावरून माणसाला परका ठरवता येत नाही, असा न्यायालयाचा आशय होता. पण हा निकाल आला तेव्हा रहीम अली हयात नव्हते. अडीच वर्षे आधीच ते वारले होते, हे नंतर बातम्यांतून समोर आले.

माणसाच्या मनावर काय होते?

हेलपाटे, पैसे, बुडालेला रोज हे नुकसान मोजता येते. दुसरे नुकसान मोजता येत नाही. माणूस हळूहळू कागदासारखा व्हायला लागतो.

आम्ही आजूबाजूला हे बघतो. दहावीच्या फॉर्मवर चुकीचे नाव गेले आणि आता बदलणे अवघड, म्हणून मुलगा तेच नाव लावायला लागतो. आजीने प्रेमाने ठेवलेले नाव घरापुरते उरते. कुणी विचारले तर पोरगी आधी प्रश्न करते, "घरातलं सांगू की कागदावरचं?" पुढे नोकरी, व्हिसा अडू नये म्हणून नावातला 'मोहम्मद' वगळणारे आहेत. उलट नुसते एकच नाव असलेले लोक आडनाव शोधत फिरतात, कारण नोव्हेंबर २०२२ पासून संयुक्त अरब अमिरातीने पासपोर्टवर एकेरी नाव असलेल्या प्रवाशांना अटी घातल्या. पासपोर्टच्या दुसऱ्या पानावर वडिलांचे किंवा घराण्याचे नाव असेल तर चालेल, असा खुलासा नंतर आला. तोपर्यंत दुबईला कामाला निघालेल्या अनेकांची धावपळ झाली.

आणि मनात भीती बसते. २०१९-२० मध्ये नागरिकत्वाची चर्चा पेटली तेव्हा जन्मनोंदीच्या खिडक्यांपुढे रांगा लागल्या होत्या. २०२५ मध्ये उशिरा केलेल्या जन्मनोंदींची राज्यात चौकशी सुरू झाली, नियम कडक झाले आणि पुन्हा तीच धाकधूक. कित्येक बुजुर्ग पिशवी उशाशी घेऊन झोपतात. ज्या मातीत सात पिढ्या दफन आहेत, तिथे आपण कोण हे विचारले जाईल आणि उत्तर द्यायला एक काना-मात्रा कमी पडेल, ही ती भीती आहे. ती हसण्यावारी नेण्यासारखी नाही. पण नुसते घाबरून बसण्यानेही काही होणार नाही.

कायदा आपल्या बाजूने काय म्हणतो?

नाव हा व्यक्तीच्या ओळखीचा गाभा आहे आणि त्यावर त्या व्यक्तीचा अधिकार आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने ३ जून २०२१ च्या जिग्या यादव प्रकरणात मानले. सीबीएसईच्या प्रमाणपत्रातल्या नावाचा तो वाद होता. मंडळांनी दुरुस्तीची दारे सरसकट बंद करू नयेत, असा त्याचा अर्थ. महाराष्ट्रातही मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१९ मध्ये स्पष्ट केले आहे की शाळा सोडून गेल्यावरही नोंदीतल्या उघड चुका दुरुस्त करता येतात. त्यामुळे "एकदा दाखला दिला की काही होत नाही" असे कुणी म्हणाले तर ते प्रत्येक वेळी खरे नसते.

जन्म-मृत्यू नोंदणी कायदा १९६९ च्या कलम १५ प्रमाणे रजिस्टरमधली चुकीची नोंद दुरुस्त करून मिळते. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ मध्ये अधिसूचित सेवांसाठी मुदत ठरवलेली आहे. अर्ज नाकारला तर लेखी कारण मिळायला हवे आणि त्यावर अपील करता येते.

आता आपण काय करायचे?

१. सगळे कागद एकत्र मांडा. घरातल्या प्रत्येकाचा एक तक्ता करा : कुठल्या कागदावर मराठीत काय नाव आहे, इंग्रजीत काय स्पेलिंग आहे, तारीख काय आहे. कॉलेजातल्या मुला-मुलींना हे काम द्या, एका दुपारचे आहे.

२. आधी नाव ठरवा, मग अर्ज करा. 'मोहम्मद' ठेवायचे तर कसे लिहायचे, 'शेख' पुढे की मागे, हे घरात बसून ठरवा. सगळ्या भावांनी एकच रूप आणि एकच स्पेलिंग धरावे. जन्मदाखला आणि शाळेचा दाखला पाया मानून त्याला बाकीचे जुळवावे.

३. क्रम पाळा. आधी जन्मदाखला किंवा शाळेची नोंद, नंतर आधार, मग पॅन, बँक, पासपोर्ट. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच आणि जन्मतारीख एकदाच बदलता येते. घाईत ती संधी वाया घालवू नका. ऑपरेटरने पावती दिली की मराठी आणि इंग्रजी दोन्ही अक्षरे तिथेच उभे राहून वाचा.

४. पूर्ण नाव बदलायचे असेल तर राज्याच्या राजपत्रात जाहिरात द्यावी लागते. तिची प्रत कायम जपा. किरकोळ फरकासाठी बऱ्याच ठिकाणी 'दोन्ही नावांची व्यक्ती एकच' अशा प्रतिज्ञापत्रावर काम भागते. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्रांना राज्य सरकारने मुद्रांक शुल्क माफ केले आहे. त्यामुळे स्टॅम्पपेपरचे पैसे कुणी मागितले तर कारण विचारा.

५. नवीन बाळाच्या वेळी सर्वात जास्त काळजी घ्या. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा आधार म्हणजे जन्मदाखलाच. दवाखान्यातून नोंद जाण्यापूर्वी आई-वडिलांची नावे त्यांच्या आधारप्रमाणे कागदावर लिहून द्या, तोंडी सांगू नका. बाळाचे नाव ठरले नसेल तर वर्षाच्या आत जाऊन ते भरून घ्या.

६. निकाहनाम्यावर वधू-वरांची नावे उर्दूबरोबर मराठी किंवा इंग्रजीतही, कागदपत्रांप्रमाणे लिहायला काझीसाहेबांना सांगा. विवाह नोंदणी करून घ्या. मुलीने नाव बदलायचे की नाही, हे तिला विचारा. वडिलांशी नाते दाखवणारा एक तरी कागद तिच्याजवळ असायलाच हवा.

७. मतदार यादी दरवर्षी तपासा. दुरुस्तीसाठी नमुना ८ आणि नवीन नावासाठी नमुना ६ आहे. मतदान कार्ड हातात आहे म्हणजे यादीत नाव आहे, असे नाही.

८. जुने कागद लॅमिनेट करू नका. शिक्का आणि शाई तपासता येत नाही, म्हणून ते नाकारले जाऊ शकतात. प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ठेवा, मोबाईलवर फोटो काढा आणि एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा.

९. एजंटच्या नादी लागून खोटा दाखला काढू नका. खरा माणूस खोट्या कागदामुळे गुन्हेगार ठरू शकतो. नोंदच नसेल तर उशिराच्या नोंदीचा रीतसर अर्ज करा. वेळ लागेल, पण तो कागद टिकेल.

१०. प्रत्येक अर्जाची पोच घ्या. "उद्या या" हे उत्तर नाही. नकार असेल तर लेखी मागा.

या कामात मशिदी, मदरसे, जमाती आणि तरुण मंडळे पुढे आली तर खूप फरक पडेल. जुम्याच्या दिवशी नमाजनंतर तासभर एक टेबल लावा. दोन शिकलेली मुले आणि एक वकील बसवा. शाळा न शिकलेल्या, एकट्या राहणाऱ्या बायका आणि म्हातारी माणसे या टेबलापर्यंत येऊ शकणार नाहीत, त्यांच्या घरी जा.

आणि एवढे करताना एक लक्षात असू द्या. कागद नीट करायचा तो नाव वाचवण्यासाठी. कागद जुळावा म्हणून अब्बांनी अकीक्याच्या दिवशी ठेवलेले नाव सोडून देण्याची गरज नाही. अब्दुर रहमान हे एकसंध नाव आहे, ते रकान्यात कसे भरायचे हे ऑपरेटरला समजावून सांगा. तो ऐकत नसेल तर तक्ता दाखवा, दाखला दाखवा, लेखी मागा. एखाद्या दिवशी रोज बुडेल. पण आपल्या पोरांना आपले नाव विचारल्यावर 'घरातलं की कागदावरचं' असे विचारावे लागू नये, एवढ्यासाठी तो बुडाला तरी चालेल.